साओना बेटाची ५५ डॉलरची सहल

न्यूजर्सीहून डॉमिनिकन रिपब्लिकला जाणं आता आपल्या लोकांत इतकं सरसकट झालंय, की एडिसनमधल्या कुठल्याही बारशाला किंवा वाढदिवसाला पुंटा कानाला जाऊन आलेलं एक तरी कुटुंब भेटतं. नूअर्कहून चारेक तासांचं विमान. अमेरिकेचा चालू व्हिसा असेल तर भारतीय पासपोर्टवर वेगळा व्हिसा लागत नाही, त्यामुळे भारतातून आलेल्या आईवडिलांनाही नेता येतं. (प्रवेशाचं ई-तिकीट तिथल्या सरकारी साइटवर फुकट भरता येतं. पैसे मागणारी साइट दिसली की ती सरकारी नाही, एवढं समजून बंद करा.) आणि तिथे गेलेला जवळजवळ प्रत्येक जण एक दिवस साओना बेटावर जातोच. एप्रिलच्या सुट्टीत आम्हीही गेलो: आम्ही तिघं, सासूबाई आणि मैत्रिणीचं चौघांचं कुटुंब. आम्हाला जसं गंडवलं ते क्रमाने सांगते, म्हणजे तसा माणूस तुमच्याशी बोलायला आला तर लगेच ओळखू येईल.

तो किनाऱ्यावर भेटला. हॉटेलच्या छत्र्यांच्या रांगेपाशी, हॉटेलच्या नोकरांसारखाच फिकट निळा पोलो शर्ट, हातात फाइल, मनगटावर पट्टा. पहिला प्रश्न, "रूम नंबर काय?" हॉटेलचाच माणूस वाटावा म्हणून हा प्रश्न असतो, बाकी त्याला रूमशी काही देणंघेणं नाही. त्याला तिथून कुणी हाकलत का नाही, हे नंतर कळलं. त्या देशात समुद्रालगतची ६० मीटरची पट्टी कायद्याने सार्वजनिक आहे. रिसॉर्टची खुर्ची, रिसॉर्टची छत्री, पण खालची वाळू सगळ्यांची. तिथे कुणीही येऊन उभं राहू शकतं, आणि तुम्ही तक्रार घेऊन गेलात की हॉटेल शांतपणे सांगतं, "तो आमचा माणूस नाही."

बोलायला मोठा गोड. पुंटा काना अटलांटिकच्या तोंडावर, तिथे उन्हाळ्याच्या सुमारास तपकिरी समुद्री शेवाळ ढिगाने येऊन पडतं. त्या दिवशीही पडलं होतं. त्याने त्याकडे बोट दाखवलं आणि म्हणाला, हे बघायला आलात का एवढ्या लांब? साओना दक्षिणेला, कॅरिबियन समुद्रात, तिथे पाणी काचेसारखं. एवढं अगदी खरं होतं. पुढची यादी अशी: जाता-येता कॅटामरान, म्हणजे शिडाची मोठी रुंद बोट, पंधरा-वीस जणांचाच ग्रुप, जेवणात शेवंड (लॉबस्टर), सासूबाईंसाठी वेगळं शाकाहारी ताट, मानो हुआन हे बेटावरचं कोळ्यांचं गाव आणि तिथलं कासवांचं केंद्र, वाटेत कुठलंही दुकान नाही. हॉटेलच्या टूर डेस्कवर माणशी ९५ डॉलर होते. हा ८० वरून ५५ वर आला. घासाघीस करून भाव पाडल्याचा आनंद आपल्याला किती होतो ते या लोकांना पक्कं ठाऊक असतं. कार्डाला दहा टक्के जास्त लागतील म्हणाला, म्हणून आठ जणांचे ४४० डॉलर रोख दिले. त्याने स्पॅनिशमध्ये छापलेली पावती फाडून दिली. गुलाबी कागद, वर कंपनीचं नाव नाही, नुसतं ताडाचं झाड आणि बोट.

शेवंडीबद्दल आधीच सांगते. मार्च ते जून त्या देशात शेवंड पकडायला बंदी असते, आपल्या कोकणात जून-जुलैला मासेमारी बंद असते तशी. एप्रिलमध्ये कुणी ताज्या शेवंडीच्या जेवणाच्या गप्पा मारत असेल तर तिथेच त्याची परीक्षा झाली असं समजा.

सकाळी सातला बस आली. पंधरा-वीस कसले, पन्नासेक माणसं होती, वेगवेगळ्या हॉटेलांतून वेगवेगळ्या दलालांनी पाठवलेली. बस कोराल हायवेला लागली, गाईडने माइक घेतला. १४९४ साली कोलंबस इथे आला आणि सोबतच्या मित्राच्या सावोना या इटालियन गावावरून त्याने बेटाला नाव दिलं, ही गोष्ट त्याने छान रंगवून सांगितली. मग माइक ठेवून तो एकेका सीटपाशी येऊन हळू आवाजात बोलू लागला. आमच्यापाशी आला तेव्हा हातात आमच्याच पावतीची पांढरी प्रत होती आणि तिच्यावर खाली लिहिलं होतं: बाकी २८० डॉलर.

सासूबाईंची उभी नोकरी सहकारी बँकेच्या काउंटरवर गेलेली. त्यांनी पर्समधून आमची गुलाबी प्रत काढली, दोन्ही कागद मांडीवर शेजारी शेजारी ठेवले, चष्मा कपाळावरून खाली घेतला आणि मला म्हणाल्या, "अगं, आपल्या प्रतीवर ही ओळ कोरी आहे. आणि त्याच्या कागदावर वरचं सगळं निळ्या शाईत, हे एवढंच काळ्यात. हे मागाहून लिहिलंय." शंभर टक्के बरोबर. गाईडलाही ते दिसत होतंच. तो म्हणाला, किनाऱ्यावरचा माणूस घेतो ती त्याची दलाली. सहलीचे पैसे आमचे वेगळे. द्यायचे नसतील तर पुढच्या पेट्रोल पंपावर उतरा.

सगळी मेख इथे आहे. हॉटेलच्या दारात हे सांगितलं असतं तर आम्ही बसमध्ये चढलोच नसतो. म्हणूनच दारात सांगत नाहीत, हायवेवर सांगतात. सोबत म्हातारं माणूस, मुलं, भाषा येत नाही, परतीची टॅक्सी कुठून आणि कितीला ते माहीत नाही. ह्यांनी थोडा आवाज चढवला, मागचं एक कॅनेडियन जोडपंही आमच्या बाजूने बोलू लागलं, कारण त्यांचीही तीच गत होती. पण शेवटी सगळ्यांनीच दिले. ५५ आणि ३५, माणशी ९० झाले. पाचच डॉलर वाचले म्हणायचे, तर तेही धक्क्यापर्यंतच.

त्याआधी दुकान. "स्वच्छतागृहासाठी दहा मिनिटं" म्हणून बस एका मोठ्या शेडपाशी थांबली आणि पाऊण तास हलली नाही. आत सिगार, रममध्ये मुरवलेल्या काड्यामुळ्यांच्या मामाहुआनाच्या बाटल्या, अंबर आणि लारिमार. लारिमार हा आकाशी निळा दगड, जगात फक्त त्याच देशात, बाराओनाच्या डोंगरात सापडतो. १९७४ मध्ये मिगेल मेंदेस यांनी मुलगी लारिसा आणि समुद्र म्हणजे 'मार', अशी जोडणी करून त्याचं नाव ठेवलं. मैत्रिणीला एक पेंडंट आवडलं. चिठ्ठीवर ८५ डॉलर. तिने कार्ड दिलं, मशीनवर तिथल्या चलनात, ८,५०० पेसो असा आकडा आला. डॉलरला साठेक पेसो धरले तर ५,१०० व्हायला हवेत. पण मागे रांग, गाईडच्या टाळ्या, "चला चला" आणि विक्रेतीचं "पेसोत इतकेच होतात." ८५ आणि ८,५०० हे आकडे एकमेकांसारखे दिसतात, आणि घाईत डोळा तेवढंच बघतो. तिने पिन दाबला. मशीन पेसोत असेल तर आकड्याला साठाने भागा, मागे कितीही रांग असो.

बोटी सुटतात त्या बायाइबे गावाच्या धक्क्यावर आणखी माणशी १० डॉलर, राष्ट्रीय उद्यानाचं शुल्क म्हणून, रोख. साओना कोतुबानामा राष्ट्रीय उद्यानात येतं आणि शुल्क असतं हे खरं. पण हॉटेलच्या ९५ मध्ये ते धरलेलं होतं, आमच्या पावतीत नव्हतं. म्हणजे आता माणशी १००.

आणि कॅटामरान? ती येताना. जाताना स्पीडबोट. या सहलींत बहुतेक ठिकाणी असंच असतं, एक बाजू शिडाची, एक बाजू इंजिनची. विकणारा फक्त शिडाचा फोटो दाखवतो. ज्यांना कंबरेचा किंवा मणक्याचा त्रास आहे, जे गरोदर आहेत, त्यांनी हे आधी विचारलंच पाहिजे. ती बोट लाटेवरून उडते आणि खाली आपटते, प्रत्येक आपटीचा हिशेब पाठीत जमा होतो. सासूबाई दोन्ही हातांनी दांडा धरून डोळे मिटून बसल्या होत्या. बोटीवरच्या एका पोराने ते पाहिलं, आपलं लाइफ जॅकेट काढून त्यांच्या पाठीमागे घातलं आणि बेटापर्यंत स्वतः उभा राहिला. उतरताना त्यानेच त्यांना धरून पाण्यातून वाळूवर आणलं. फसवणारे किनाऱ्यावर आणि दुकानात होते, बोटीवर राबणारे नव्हेत, हे लिहिलं नाही तर अन्याय होईल.

मध्ये नैसर्गिक तलाव म्हणतात तिथे थांबले. भर समुद्रात वाळूचा उथळ पट्टा, कमरेएवढं कोमट पाणी, तळाशी नारिंगी तारामासे. हे दृश्य मात्र डोळ्यांचं पारणं फेडणारं. तारामासे पाण्याबाहेर काढायला मनाई आहे, त्यांना ते बाधतं. तरी फोटोवाल्याने एक उचलून माझ्या मुलाच्या तळहातावर ठेवला आणि खटाखट फोटो काढले. बेटावर पुढचा अंक. एका पोराने न विचारता माझ्या मुलाच्या डोक्यावर इग्वाना, म्हणजे मोठा सरडा, ठेवला. आमचा चिरंजीव आधी गोठला, मग खुदकन हसला, आणि तेवढ्यात २० डॉलरची मागणी आली. नाही म्हटलं तर इग्वाना काढेनात! गाईड दोन हात अंतरावर उभा राहून क्षितिजाकडे बघत होता. शेवटी ह्यांनी पाच डॉलर दिले तेव्हा तो प्राणी खाली उतरला.

जेवण म्हणजे भात, कोंबडी, डुकराचं मांस, स्पगेटी, कोबीची कोशिंबीर. शेवंड हवी असेल तर ३५ डॉलर वेगळे, एप्रिलमध्ये! शाकाहारी ताटाबद्दल विचारलं तर भात आणि घेवड्याकडे बोट दाखवलं, घेवड्यात हॅमचे तुकडे तरंगत होते. सासूबाईंनी डब्यातल्या दशम्या काढल्या, त्या आमच्यापेक्षा चांगल्या जेवल्या. शाकाहारी माणूस सोबत असेल तर कुणी काहीही कबूल करो, डबा न्याच.

मानो हुआनला नेलंच नाही. बस भरून आणलेल्या लोकांना त्या त्या कंपनीच्या ठरलेल्या किनाऱ्यावर सोडतात, गाव तिथून लांब. बेटावर राहणाऱ्यांच्या हातात त्यातलं फारसं काही पडत नाही. आणि बेटावर मिळालेला वेळ? जेवण धरून दोन तासही नाही. अकरा तासांच्या दिवसातले. परतताना धक्क्यावर आमचे फोटो छापून मांडलेले, एक १० डॉलरला, पेन ड्राइव्ह ६० ला. न घेता पुढे गेलो तर पेन ड्राइव्हचा भाव १५ वर आला, नंतर फोटोवाला मागे लागला. हा प्रकार त्यातल्या त्यात सरळ, नको म्हणता येतं.

पुन्हा जायचं झालं तर मी काय करेन ते सांगते. एक तर हॉटेलच्या आतल्या, दारावर नाव असलेल्या डेस्कवरूनच कार्डाने पैसे देईन आणि पावतीवर "पूर्ण रक्कम मिळाली, उद्यानशुल्कासह" असं लिहून घेईन. नाहीतर मुक्कामच बायाइबेला करेन. बोटी तिथूनच सुटतात, बसचे तास वाचतात, बोटवाल्याशी समोरासमोर बोलता येतं आणि मानो हुआनला नेणाऱ्या लहान बोटी मिळतात. स्पॅनिश पावतीवर कोरी राहिलेली प्रत्येक ओळ विकणाऱ्यासमोरच आडवी रेघ मारून बंद करायची, ही सासूबाईंची सूचना, चेकवर मारतो तशी. आणि बसमध्ये चढण्याआधी, दारातच, गाईडच्या हातातली प्रत मागून बघायची. तिथे काही बाकी दिसली तर हॉटेलचा उंबरा अजून आपल्या पायाखाली असतो.

आम्ही पर्यटन पोलिसांकडे गेलो. अधिकारी सभ्य होते, तक्रार लिहून घेतली, दोन्ही पावत्यांचे फोटो घेतले. विकणाऱ्याचं नाव विचारलं. त्याने सांगितलेलं नाव आम्ही सांगितलं तेव्हा ते किंचित हसले. रोख रकमेचा माग कुठून काढणार? ४४० डॉलरवर पाणी सोडलं.

मैत्रिणीचं मात्र काम झालं. अमेरिकेत क्रेडिट कार्डाच्या बिलातल्या चुकीवर बिल पाठवल्यापासून ६० दिवसांत लेखी हरकत घेता येते. पेंडंटच्या डबीला ८५ डॉलरची चिठ्ठी तशीच लटकत होती. तिचा फोटो आणि ८,५०० पेसोंची स्लिप तिने बँकेला पाठवली, पुढच्या महिन्यात फरकाचे पैसे जमा झाले. दगड खोटाच असणार म्हणून आम्ही मॅनहॅटनला एका रत्नपारख्याला दाखवायला गेलो. तो खरा लारिमार निघाला.