ईएनबी आणि रीशेड काढून टाकलं, त्या काढण्याचा रिव्ह्यू

ग्राफिक्स मॉडचे, म्हणजे गेमचं दिसणं बदलायला वरून लावायच्या सॉफ्टवेअरचे (ईएनबी आणि रीशेड ही त्यातलीच दोन), जेवढे रिव्ह्यू वाचायला मिळतात ते सगळे लावल्यानंतरचे असतात. डोंगरावर ऊन पडलंय, पाण्यात आभाळ दिसतंय, स्क्रीनशॉटवर स्क्रीनशॉट. काढल्यावर काय होतं ते फारसं कुणी लिहीत नाही आणि मला तोच भाग जास्त महत्त्वाचा वाटतो, कारण आज ना उद्या ते काढायची वेळ येतेच, कधी एफपीएस (सेकंदाला दिसणाऱ्या फ्रेम) पडतो म्हणून, कधी दुसरा प्रीसेट (कुणीतरी तयार करून दिलेला सेटिंग्जचा संच) लावायचा असतो म्हणून, कधी गेम सारखा क्रॅश होतोय आणि नेमकं कशामुळे ते शोधायचंय म्हणून. मी स्कायरिम या गेमच्या स्पेशल एडिशनवर, म्हणजे २०१६ ला आलेल्या ६४ बिटवाल्या व्हर्जनवर, ईएनबी आणि वरून रीशेड असं दोन्ही बरेच महिने चालवलं आणि आता सगळं मुळासकट उपटून काढलंय. दोन रात्री गेल्या. त्यातली एक रात्र वाचली असती, ती कशी तेच सांगतो.

आधी ही सॉफ्टवेअर गेममध्ये घुसतात कशी ते समजून घ्या, म्हणजे काढताना भीती वाटत नाही. ती गेमच्या मूळ फाइल्समध्ये काहीच बदलत नाहीत. गेमला चित्र काढायला डायरेक्टएक्स (विंडोजची ग्राफिक्सची यंत्रणा) लागतं आणि त्यासाठी तो डी३डी११ डॉट डीएलएल नावाची फाईल मागतो. विंडोज ती फाईल आधी गेमच्या ईएक्सईशेजारी (गेम चालू करणाऱ्या फाईलशेजारी) शोधतं, तिथे नसली तरच स्वतःच्या सिस्टम फोल्डरमधली देतं. ईएनबी त्याच नावाची स्वतःची फाईल ईएक्सईशेजारी ठेवतं, गेमला वाटतं हेच खरं डायरेक्टएक्स, आणि मग प्रत्येक फ्रेम ईएनबीच्या हातून जाते. रीशेडचंही तसंच, फक्त ते बहुतेक वेळा डीएक्सजीआय डॉट डीएलएल या नावाने बसतं. त्यामुळे कितीही घोळ झालेला असो, ती एक डीएलएल तिथून हलवली की मॉड बंद. बाकी सगळं मागे उरलेलं सामान.

म्हणून पहिली पायरी डिलीट नाही, रिनेम. डी३डी११ च्या नावापुढे एक अक्षर लावा, गेम चालू करा. ईएनबी चालू असताना सुरुवातीला वर डाव्या कोपऱ्यात त्याच्या व्हर्जनच्या ओळी दिसतात, त्या दिसल्या नाहीत म्हणजे ते गेलं. मी ही टेस्ट क्रॅश शोधतानाही करतो, अर्ध्या मिनिटाचं काम आहे आणि परत आणायचं तर अक्षर काढलं की झालं. आणि हो, याच नावाच्या फाइल्स विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्येही असतात, त्या खऱ्या आहेत, त्यांना चुकूनही हात लावू नका. सर्च मारून नावावरून फाइल्स उडवणाऱ्यांनी हे वाक्य दोनदा वाचा.

आता रीशेड. काढण्याच्या बाबतीत याला मी ५ पैकी ४.५ देईन. ज्या सेटअपने लावलं तोच परत चालवायचा, गेमची ईएक्सई दाखवायची, आधीचं इन्स्टॉलेशन त्याला सापडतं आणि तो अनइन्स्टॉलचा पर्याय समोर ठेवतो. क्लिक केलं, डीएलएल गेली, रीशेडची आयएनआय (सेटिंग्जची फाईल) गेली, लॉग गेला, रीशेड-शेडर्स फोल्डर गेला. मी लगेच फोल्डर उघडून पाहिलं तर फक्त मीच वेगळ्या नावांनी आणून टाकलेले तीन-चार प्रीसेट उरले होते, ते हाताने काढले. अर्धा मार्क कापला तो व्हल्कनसाठी, म्हणजे डायरेक्टएक्ससारख्याच दुसऱ्या ग्राफिक्स यंत्रणेसाठी. व्हल्कनवर चालणाऱ्या गेमला रीशेड लावलं की ते एका गेमच्या फोल्डरपुरतं राहत नाही, सगळ्या सिस्टमसाठी एक लेयर म्हणून नोंदवलं जातं, त्यामुळे तिथे गेमचा फोल्डर साफ करून भागत नाही, सेटअपमधूनच जावं लागतं. पण एक मात्र मनापासून सांगतो, फुकट मिळणारं, ओपन सोर्स सॉफ्टवेअर, आणि जाताना असं नीट आवरून जातं, हे पैसे घेऊन विकल्या जाणाऱ्या कितीतरी प्रोग्रॅमना जमत नाही.

ईएनबीची गोष्ट वेगळी. बोरिस व्होरोंत्सोव यांचं हे काम कित्येक वर्षं चालू आहे, जुन्या जीटीएपासून स्कायरिमपर्यंत, आणि दिसण्याच्या बाबतीत मी आजही त्याच्या प्रेमात आहे. याला इन्स्टॉलरच नाही, फाइल्स आपणच कॉपी करायच्या, त्यामुळे अनइन्स्टॉलरही नाही, काढायच्याही आपणच. नुसतं ईएनबी असेल तर यादी लहान आहे, डी३डी११ डॉट डीएलएल, डी३डीकंपायलर_४६ई डॉट डीएलएल, ईएनबीसिरीज आणि ईएनबीलोकल या दोन आयएनआय, ईएनबीसिरीज नावाचा फोल्डर आणि चालवल्यावर आपोआप तयार होणारा ईएनबीकॅश. पाच मिनिटं. २०११ च्या मूळ स्कायरिममध्ये डायरेक्टएक्स ९ आहे म्हणून तिथे डीएलएलचं नाव डी३डी९, आणि शेडरच्या बऱ्याच फाइल्स सुट्ट्या मुख्य फोल्डरमध्येच पसरलेल्या असतात, तिथे जास्त बघून काढावं लागतं. शिवाय ईएनबीने काढलेले स्क्रीनशॉट बीएमपीमध्ये गेमच्याच फोल्डरात पडून असतात, फुल एचडीला एकेक साधारण ६ एमबीचा. माझ्याकडे दोनशेच्या वर निघाले. त्यातले आवडते बाजूला काढले, बाकी उडवले.

एक अडचण ज्यांनी दोन्ही एकात एक जोडलंय त्यांच्यासाठी. ईएनबीलोकलमध्ये प्रॉक्सी म्हणून एक भाग असतो, त्यात दुसऱ्या डीएलएलचं नाव देऊन ईएनबीमार्फत रीशेड चालवता येतं. असं असेल तर ईएनबी काढलं की रीशेडही मुकाट बंद पडतं आणि माणूस तासभर रीशेड का चालेना म्हणून डोकं धरून बसतो. आधी ती आयएनआय उघडून प्रॉक्सी चालू आहे का ते बघा.

आता खरा त्रास. तो ईएनबीचा नाही, रीशेडचा नाही, तो प्रीसेटचा. मी वापरत होतो त्या प्रीसेटचं नाव घेत नाही, पण त्या झिपमध्ये ईएनबीच्या फाइल्सबरोबर मेश (वस्तूंचे आकार) होत्या, टेक्श्चर (त्यांच्यावर चढवायची चित्रं) होती, गेममध्ये भर घालणारं एक हवामानाचं प्लगइन होतं, आणि कुठली फाईल कशासाठी याची एक ओळही नव्हती. लावताना लिहिलं होतं, सगळं उचलून गेमच्या फोल्डरमध्ये टाका, ओव्हरराइट विचारलं तर येस म्हणा. मी म्हटलं येस. काढताना ईएनबी गेलं आणि मी खूश होऊन गेममधल्या व्हाइटरन शहरातल्या बॅनर्ड मेअर या खाणावळीत शिरलो तर प्रत्येक मेणबत्तीभोवती एक पांढुरका, धुरकट गोळा. ज्योत दिसायच्याऐवजी हवेत कापसाचा बोळा लटकवल्यासारखा. टेबलाजवळ गेलो की तो गोळा कपाला, ताटाला कापत आरपार दिसायचा. बाहेर आलो तर रस्त्याचे दगड प्लास्टिक फासल्यासारखे चकचकीत. मला वाटलं ग्राफिक्स कार्ड गेलं, खरंच पोटात गोळा आला.

कारण नंतर कळलं. ईएनबीमध्ये पार्टिकल लाइट म्हणून सोय आहे, मेणबत्तीच्या मेशमध्ये एक छोटा चमकणारा कण बसवतात आणि ईएनबी त्या कणाला खरा दिवा समजून आजूबाजूला प्रकाश टाकतं. ईएनबी गेलं की गेमसाठी तो नुसता चमकणारा ठिपका, तो तसाच काढून दाखवतो. दगडांचंही तेच, कॉम्प्लेक्स पॅरॅलॅक्सची (सपाट चित्राला खोली देणारी) टेक्श्चर ईएनबीसारखं काही असेल तरच वाचता येतील अशी बनवलेली, साध्या गेमला त्यातली माहिती म्हणजे चकाकी वाटते. हत्ती गेला आणि शेपूट राहिलं म्हणतात ते हेच, मॉड गेला तरी त्याच्या भरवशावर बनवलेल्या गोष्टी डेटा फोल्डरमध्ये बसून राहतात.

मग मी काय केलं, तर सरळ गेम अनइन्स्टॉल केला आणि पुन्हा डाउनलोडला लावला. सकाळी उठून बघतो तर मेणबत्त्यांचे गोळे जागच्या जागी! कारण स्टीम, म्हणजे गेम जिथून घेतला ते ॲप, अनइन्स्टॉल करताना फक्त स्वतः टाकलेल्या फाइल्स काढतं, आपण टाकलेल्या तशाच फोल्डरमध्ये राहतात, आणि नवा गेम त्याच फोल्डरात येऊन बसतो. स्टीममधलं व्हेरिफाय इंटिग्रिटी (फाइल्स तपासायची सोय) पण तसंच, बदललेली किंवा गायब झालेली मूळ फाईल परत आणतं, जास्तीची फाईल काढत नाही. वाचली असती म्हटलं ती रात्र हीच.

बरोबर पद्धत पुढच्या रात्री सुचली. गेमचा फोल्डर डेट मॉडिफाइडप्रमाणे लावला, पण झिपमधून आलेल्या फाइल्सना बनवणाऱ्याच्या तारखा असतात त्यामुळे त्यावर पूर्ण विसंबता येत नाही, म्हणून प्रीसेटची जुनी झिप डाउनलोड्समध्ये शोधून काढली, शेजारी उघडली, आणि झिपमध्ये जी फाईल दिसेल ती गेमच्या फोल्डरमधून कट करून बाहेरच्या एका वेगळ्या फोल्डरात. डिलीट नाही, कट. शेवटी व्हेरिफाय, म्हणजे त्यात चुकून मूळ फाईल गेली असली तर परत येते. हा क्रम महत्त्वाचा, आधी जास्तीचं बाहेर, मग व्हेरिफाय. म्हणून सांगतो, झिप जपून ठेवा, जागा खाते म्हणून उडवू नका, काढायच्या दिवशी तीच तुमची यादी असते.

प्लगइनबद्दल जरा जपून. नुसतं ईएनबी किंवा रीशेड तुमच्या सेव्हमध्ये काहीच लिहीत नाही, ते काढल्याने सेव्ह बिघडायचा प्रश्नच नाही. पण प्रीसेटबरोबर आलेलं ईएसपी प्लगइन काढलं की गेम सेव्ह उघडताना सांगतो की या सेव्हमधला काही कंटेंट आता नाही. माझं हवामानाचं होतं, मी घराच्या आत सेव्ह केलेली जुनी गेम उघडली, बाहेर येऊन गेममधले दोन दिवस झोपून घेतलं, अजून तरी काही बिघडलेलं नाही. स्क्रिप्ट असलेलं प्लगइन असतं तर मी चालू सेव्हमधून काढलंच नसतं.

आणि सगळं काढूनही गेम आधीपेक्षा सपाट का दिसतो? यावर मी बराच वेळ घालवला. ईएनबी लावताना प्रीसेटवाले गेमचं स्वतःचं अँबियंट ऑक्लूजन (कोपऱ्यातल्या सावल्या), डेप्थ ऑफ फील्ड (लांबचं धूसर दिसणं) वगैरे बंद करायला सांगतात, कारण ते काम ईएनबी करणार असतं. मूळ स्कायरिममध्ये तर अँटीएलियासिंगही (कडा गुळगुळीत करणं) बंद करायला लागतं. ईएनबी गेलं आणि हे बंद ते बंदच राहिलं, म्हणजे घरचंही गेलं आणि दारचंही. ही सेटिंग्ज गेमच्या फोल्डरमध्ये नसतात, डॉक्युमेंट्समधल्या माय गेम्समध्ये स्कायरिमप्रेफ्स डॉट आयएनआयमध्ये असतात, म्हणून गेमचा फोल्डर कितीही घासला तरी फरक पडत नाही. ती फाईल बाजूला ठेवा, लाँचर चालू करा, तो नवी बनवतो, मग हाय किंवा अल्ट्रा निवडा. कुणाच्या सल्ल्याने ती फाईल रीड-ओन्ली केली असेल तर आधी ती टिक काढा, नाहीतर लाँचरमध्ये काहीही बदला, गेममध्ये काडीचाही फरक पडत नाही. माझी होती.

मॉड ऑर्गनायझर (मॉड सांभाळणारा प्रोग्रॅम) वापरणाऱ्यांचं बरंच काम वाचतं, मेश आणि टेक्श्चर व्हर्च्युअल असतात, टिक काढली की गेली. पण तो डेटा फोल्डरपुरता. ईएक्सईशेजारच्या डीएलएल हातानेच टाकलेल्या असतात आणि हातानेच काढाव्या लागतात, किंवा सुरुवातीपासून रूट बिल्डर प्लगइन वापरा, तो त्याही सांभाळतो.

सध्या माझ्याकडे कम्युनिटी शेडर्स हा दुसरा ग्राफिक्स मॉड आहे. ईएनबीबरोबर ते चालत नाही, म्हणूनच तर ही सगळी झाडलोट. दिसायला ईएनबीच्या चांगल्या प्रीसेटएवढं अजून मला वाटलं नाही, संध्याकाळचा प्रकाश तर नक्कीच नाही, पण ते एसकेएसई (स्कायरिमच्या मॉडना जास्त सोयी देणारं सॉफ्टवेअर) प्लगइन म्हणून येतं, म्हणजे मॉड मॅनेजरमधून टिक केलं की चालू, काढली की बंद. मी मुद्दाम दहा वेळा चालू-बंद करून बघितलं, दर वेळी बॅनर्ड मेअरमध्ये जाऊन त्याच टेबलाजवळच्या मेणबत्तीपाशी उभा राहिलो. ज्योत दिसते, कप दिसतो, गोळा नाही. कट केलेल्या फाइल्सचा तो वेगळा फोल्डर मात्र अजून डेस्कटॉपवर आहे, अजून महिनाभर खेळून बघतो आणि मगच उडवतो.