ओव्हलचा आर्ट डेको: गटासोबत बघावा की खासगी वॉक घ्यावा?

दक्षिण मुंबईत ओव्हल मैदान आणि मरीन ड्राइव्हजवळचा आर्ट डेको मी दोनदा पायी फिरलो. एकदा रविवारच्या गटात, बावीस माणसांबरोबर. दुसऱ्यांदा खासगी वॉक घेऊन, म्हणजे मी, आत्या आणि माहिती देणारी एक मुलगी, एवढेच. अलिबागेत आता कुणी ना कुणी विचारतंच, "यातला कुठला घेऊ?" फोनवर दर वेळी तेच सांगण्यापेक्षा एकदा लिहून टाकतो. आर्ट डेको म्हणजे साधारण १९३०-४० च्या काळातली, गोल कोपरे आणि सरळ रेघांची इमारतींची शैली, याहून जास्त इथे सांगत बसत नाही. ते थोडंफार माहीत असल्याशिवाय इमारती बघायला म्हणून कुणी बोटीत बसत नाही.

माझ्या मताला किती वजन द्यायचं ते ठरवता यावं म्हणून आधी एक कबुली. माझं फॅब्रिकेशनचं वर्कशॉप आहे. ग्रील, गेट, जिन्याचे कठडे करतो, आणि खरं पोट चालतं ते अ‍ॅल्युमिनियमच्या स्लायडिंग खिडक्यांवर. मरीन ड्राइव्हच्या गोल बाल्कन्या ज्यांनी बंद करून टाकल्या, त्याच खिडक्या. गटाच्या वॉकमध्ये गाइड म्हणाला, "या स्लायडिंगनं सगळी वाट लावली," तेव्हा मी खाली बघून बुटाची नाडी बांधत होतो.

मग मला हे वेड कुठून लागलं? रेवदंड्याला आमच्या आजोळच्या घराला उगवत्या सूर्याची ग्रील आहे. खाली अर्धं वर्तुळ आणि त्यातून वर पसरलेली किरणं. आजोबा मुंबईत नोकरीला होते, तिथली कुठलीशी ग्रील बघून त्यांनी कागदावर नक्षी उतरवून आणली आणि गावच्या लोहाराकडून करून घेतली, असं आई सांगते. आपल्याकडे किनाऱ्यावरच्या गावांतून फिरताना चाकरमान्यांच्या जुन्या घरांकडे जरा नीट बघा. एखादी गोल वळलेली बाल्कनी, खिडकीवर सलग ओढलेला छज्जा, दर्शनी भिंतीवर सिमेंटमध्ये उठवलेलं साल, असं काहीतरी सापडतंच. मनीऑर्डरीबरोबर मुंबईची फॅशनही गावात येत होती.

आता मुद्द्यावर येतो. पैशाचं पटकन उरकतो. खासगी वॉक आम्हा दोघांना मिळून गटाच्या दोन तिकिटांच्या साधारण चौपट पडला. चार-पाच जण असाल तर फरक बराच कमी होतो, कारण खासगीत बहुतेक वेळा माणशी नाही, वॉकचे पैसे घेतात. एकटे असाल तर मात्र खिशाला चटका बसतो.

वेळेचं गणित आपल्या बाजूच्या लोकांसाठी वेगळं आहे. गटाचा वॉक रविवारी सकाळी आठला. अलिबागहून त्याच दिवशी निघून आठला चर्चगेटला हजर राहणं मला जमण्यासारखं नव्हतं, म्हणून आदल्या रात्री डोंबिवलीला मेव्हण्याकडे मुक्काम केला. मेव्हण्याकडचा मुक्काम फुकट असतो असं ज्यांना वाटतं त्यांनी तो करून बघावा. खासगीत वेळ आपण सांगायची. आम्ही जानेवारीतली दुपार मागितली. मांडव्याहून बोटीनं गेटवेला उतरलो आणि पाच-सात मिनिटांत रीगल सिनेमासमोर उभे राहिलो. वॉकची सुरुवात तिथूनच करा, असं आम्हीच सुचवलं होतं. (पावसाळ्यात गेटवेच्या बोटी बंद असतात. तेव्हा गाड्या नेणाऱ्या रो-रो बोटीनं भाऊच्या धक्क्याला उतरून पुढे टॅक्सी.)

उन्हाकडेही लक्ष द्या, ते मला कुणी आधी सांगितलं नव्हतं. ओव्हलच्या पश्चिमेची डेकोची रांग पूर्वेकडे तोंड करून आहे, ती सकाळी उजळते. मरीन ड्राइव्हच्या इमारती समुद्राकडे, म्हणजे पश्चिमेकडे बघतात, त्यांच्यावर ऊन येतं दुपारनंतर. सकाळच्या गटाला ओव्हल झकास दिसतो, पण मरीन ड्राइव्हला पोचल्यावर सगळ्या इमारती स्वतःच्याच सावलीत. दुपारी नेमकं उलटं. तेव्हा ओव्हलवर पूर्वेच्या गॉथिक, म्हणजे शिखरं-कमानींच्या जुन्या इमारतींच्या रांगेवर, हायकोर्टावर आणि राजाबाई टॉवरवर, पिवळं ऊन असतं आणि डेकोची रांग जरा काळवंडलेली दिसते. दोन्ही हवं असेल तर दोनदा यावं लागेल, किंवा एकाच दिवसात मध्ये जेवणाला दोन तास काढावे लागतील.

माहितीच्या बाबतीत गटाचा गाइड उजवा होता, हे कबूल करायला हवं. तयारीचा माणूस. ३० जून २०१८ रोजी युनेस्कोनं ओव्हल आणि मरीन ड्राइव्हच्या, गॉथिक आणि डेको मिळून, ९४ इमारतींना जागतिक वारसा म्हणून मान्यता दिली, हे कुणीही सांगेल. त्यानं सांगितलं ते असं, की मैदानाच्या एका बाजूला एकोणिसावं शतक आणि दुसऱ्या बाजूला विसावं, आणि मध्ये पोरं क्रिकेट खेळतायत. विसाव्या शतकाची बाजू जिथे उभी आहे ती जमीन बॅकबेत, म्हणजे समुद्रात, भराव टाकून मिळवलेली. रीगल १९३३ मध्ये चार्ल्स स्टीव्हन्सनं बांधलं, आणि त्याचा बाप एफ. डब्ल्यू. स्टीव्हन्स म्हणजे व्हीटी स्टेशन बांधणारा. बापानं शिखरं आणि कमानी उभ्या केल्या, पोरानं सरळ रेघा मारल्या. मरीन ड्राइव्हच्या कोपऱ्यावरचं सूना महल १९३७ चं, गजानन म्हात्रे या मराठी आर्किटेक्टचं. न्यू इंडिया अ‍ॅश्युरन्सच्या इमारतीवरच्या त्या उंच शिल्पाकृती ना. ग. पानसऱ्यांच्या. हे सगळं त्यानं दोन तासांत नीट लावून सांगितलं, विनोद जागच्या जागी पडले, बावीस माणसं हसली. खासगीतली मुलगी विचारल्याशिवाय फार बोलत नव्हती. पहिल्यांदाच जाणार असाल आणि भरपूर ऐकायचं असेल, तर गटच घ्या. त्यात वाईट काही नाही.

ओळखीचा कार्यक्रम मात्र लांबतो. बावीस जणांनी नाव, गाव आणि आपण इथे का आलो हे सांगेपर्यंत वीस मिनिटं गेली. आणि प्रत्येक गटात एक काका असतात, त्यांना गाइडपेक्षा जास्त माहिती असते. तेही चालतं. करमणूक होते.

माझं ज्यावरून बिनसलं ते सांगतो. ओव्हलसमोरच्या एका इमारतीच्या फाटकात गाइडनं सगळ्यांना थांबवलं आणि म्हणाला, "या इमारतीचं खरं सौंदर्य आत आहे. जिन्याचा कठडा तर बघण्यासारखा." आम्ही आत बघितलं. अंधारात पितळेचं काहीतरी चमकत होतं. पण राहती इमारत, सोसायटी बावीस माणसांना कशी आत घेणार? त्यांचंही बरोबरच आहे. मग त्यानं पिशवीतून टॅबलेट काढला, कठड्याचा फोटो लावला आणि डोक्यावर धरला. मी तिसऱ्या ओळीत. टॅबलेटच्या काचेवर सकाळचं ऊन, त्यात मला दिसलं ते मागच्या माणसाचं टोपी घातलेलं डोकं. कठडा माझ्यापासून पंधरा पावलांवर होता आणि मी त्याचा फोटो बघायला टाचा उंचावत होतो.

मी विचारलं, "जोड वेल्डिंगचा आहे का रिव्हेटचा?" गाइड म्हणाला, "चांगला प्रश्न आहे," आणि पुढे निघाला. त्याच्यावर माझा राग नाही. फोटोत जोड दिसतच नव्हता, तो तरी काय सांगणार? पण हाच प्रकार आणखी तीन इमारतींसमोर झाला. फाटक, टॅबलेट, ऊन. आर्ट डेकोची बाहेरची बाजू रस्त्यावरून कुणालाही फुकट दिसते. पैसे मोजायचे ते आतल्यासाठी, आणि आतलं बघायचं टॅबलेटवर. ते माझ्या डोक्यातून जाईना.

म्हणून खासगी वॉक ठरवताना मी फोनवर एकच विचारलं, "एखाद्या तरी जिन्यात नेता येईल का?" मुलगी म्हणाली, "दादा, खात्री देत नाही. दोघंच आहात, बोलून बघते." प्रत्यक्षात पाच ठिकाणी विचारलं आणि दोन ठिकाणी आत गेलो. एका जागी वॉचमननं वर फोन लावला, एक आजी गॅलरीत येऊन आमच्याकडे बघून गेल्या, आणि मग हातानं खूण केली. त्यांनी आत्याचे पांढरे केस बघून होकार दिला असावा, असा माझा अंदाज. फोटो काढायचे नाहीत आणि पहिल्या मजल्याच्या वर जायचं नाही, या दोन अटी. इमारतीचं नाव म्हणूनच लिहीत नाही.

तिथे आम्ही सहा-सात मिनिटं होतो. खाली जागेवर ओतलेलं मोझॅक, रंगांच्या मध्ये पितळी पट्टी, आणि इतक्या वर्षांत इतकं पावलांखालून गेलेलं की पट्टी आणि दगडाच्या चिप्स एका पातळीत. कठडा चौकोनी सळ्यांचा. जिथे दोन सळ्या एकमेकींना ओलांडतात तिथे दोन्हींना अर्धी अर्धी खाच घालून बसवलेल्या, आणि वरून रिव्हेट, म्हणजे ठोकून बसवलेला खिळा. रिव्हेटचं डोकं कानशीनं सपाट केलेलं, त्यावर रंगाचे थर चढलेले, त्यामुळे डोळ्यांना दिसत नाही, अंगठा फिरवला की बारीक उंचवटा लागतो. वेल्डिंगचा एकही थेंब मला कुठे सापडला नाही. आमच्याकडे असा जोड दहा मिनिटांत वेल्ड करून ग्राइंडर फिरवतात. मी पाच-सहा जोड चाचपले. मुलगी म्हणाली, "इतका वेळ इथे कुणी थांबत नाही." आत्या पायरीवर बसली होती. तिची तीस वर्षं नोकरी चर्चगेटला झाली, रोज इरॉस थिएटरवरून गेली. म्हणाली, "आम्ही बाई घड्याळाकडे बघायचो. वर कधी बघितलंच नाही."

आत्यासाठीही खासगी बरं पडलं. ती दर वीस मिनिटांनी बसते. गटात बावीस माणसांना ताटकळत ठेवायला संकोच वाटला असता आणि ती गुडघे दाबत चालत राहिली असती. इथे इरॉससमोर आम्ही चहा घेतला. १९३८ चं थिएटर, लाल आणि फिकट पिवळा असे दोन रंग, आत आता आयमॅक्स. समोर बसून ते वीस मिनिटं नुसतं बघितलं. चालताना ते कोपऱ्यावर कसं वळवलंय हे लक्षात येत नाही.

खासगीतल्या खोड्याही सांगतो. मधली शांतता कधी कधी जड होते. पाच-दहा मिनिटं कुणीच बोलत नाही आणि आपण पैसे मोजलेत हे आठवतं. माणूस कसा निघेल ते नशिबावर, गटात निदान सोबतीला गर्दी असते. आणि पाचांतले दोन जिने आम्हाला मिळाले, तुम्हाला एकही मिळणार नाही असंही होऊ शकतं. तरी ठरवताना आधी स्पष्ट विचारून घ्या, की आत जायचा प्रयत्न करणार का. "बाहेरूनच" असं उत्तर आलं तर चौपट पैसे देण्यात मला तरी अर्थ दिसत नाही, सरळ गटात जा. किंवा नकाशा घेऊन एकटे फिरा. आर्ट डेको मुंबई या संस्थेनं इमारतींची नोंद नेटवर ठेवली आहे, ती बघून अर्धा दिवस चांगला जातो. फक्त फोनकडे बघता बघता इमारत मागे जाते.

साडेपाचला मरीन ड्राइव्हवर, सूना महलच्या गोल कोपऱ्यावर ऊन असतानाच आम्ही वॉक संपवला, परतीची बोट होती म्हणून. निघताना मुलीनं विचारलं, "दादा, तसा कठडा आज करून मिळेल का?"

म्हटलं, "मिळेल. पण भाव किलोवर नाही, दिवसावर लागेल."