चार नगरांतले माझे विश्व (जयंत नारळीकर): घ्या आणि सावकाश वाचा

पाचपैकी साडेचार स्टार. ऑनलाइन मागवलेली पहिली कॉपी कोपरे दुमडलेली आली, ती परत करून दुकानातून दुसरी घेतली, पण त्याचे मार्क पुस्तकाचे कापत नाहीये.

२० मे २०२५ ला सर गेले तेव्हा लक्षात आलं की त्यांच्या विज्ञानकथांचं पुस्तक, यक्षांची देणगी, शाळेत असताना पारायणं केल्यासारखं वाचलं, पण लिहिणारा माणूस आपल्याला माहीतच नाही, म्हणून हे आत्मचरित्र घेतलं. चार नगरं म्हणजे बनारस, केंब्रिज, मुंबई, पुणे.

मला सगळ्यात आवडलं ते बनारस. घरात फळा होता आणि मोरूमामा त्यावर एखादं अवघड गणित लिहून ठेवायचे, वर 'चॅलेंज प्रॉब्लेम फॉर जे. व्ही. एन.' (म्हणजे जयंत विष्णु नारळीकर), आणि ते सुटेपर्यंत पोरगं त्याच्या मागे. पुढे केंब्रिजला सीनियर रँग्लर (गणिताच्या परीक्षेत पहिला), खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉईलसोबत गुरुत्वाकर्षणाचा सिद्धांत, १९६५ ला पद्मभूषण, तेही सव्वीस-सत्तावीसच्या वयात, हे सगळं त्या फळ्यापासूनच सुरू झालं असं मला वाचताना सारखं वाटत होतं.

विश्वाला सुरुवातच नाही हे मत त्यांनी बहुतेक सगळे बिग बँगकडे (विश्व एका महास्फोटातून सुरू झालं या मताकडे) गेल्यावरही सोडलं नाही, १९९३ मध्ये हॉईल आणि खगोलशास्त्रज्ञ बर्बिज यांच्यासोबत ते नव्या रूपात मांडलं. एवढी वर्षं जवळजवळ एकट्यानं उभं राहायला काय लागत असेल! हा भाग मला अजून शंभर पानं चालला असता, अर्धा स्टार त्याचाच कापलाय.

आणि कथास्पर्धेचा किस्सा! १९७४ ला मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत कथा पाठवली ती 'नारायण विनायक जगताप' या नावानं, म्हणजे स्वतःचीच आद्याक्षरं उलटी करून, आणि अक्षर ओळखू येऊ नये म्हणून लिहून दिली त्यांच्या पत्नी मंगलाताईंनी. पहिलं बक्षीस मिळालं. तेव्हा ते मुंबईच्या टीआयएफआर या संशोधन संस्थेत होते, नाव आधीच मोठं होतं, तरी कथा कथा म्हणून चांगली आहे का हे त्यांना बघायचं होतं. मराठीत लिहिणं त्यांच्यासाठी फावल्या वेळातलं काम नव्हतं, ते त्यांनी संशोधनाइतक्याच निष्ठेनं केलं. १९८८ ला पुण्यात आयुका ही खगोलशास्त्राची संस्था उभी केली तिथेही शाळेतल्या पोरांसाठी शनिवारची व्याख्यानं ठेवली, आणि सही मागणाऱ्या मुलांना सांगायचे, पोस्टकार्डावर प्रश्न पाठव, उत्तराखाली सही मिळेल.

भाषा एकदम साधी, पण एका बैठकीत संपवायला जाऊ नका, केंब्रिजचा भाग थांबत थांबत वाचा.

मी घरी किचनच्या दाराला फळा लावलाय. पहिला प्रश्न लिहिला, रात्री आकाश काळं का दिसतं? मुलानं लगेच खाली लिहिलं, सूर्य नसतो म्हणून. म्हटलं, मग बाकीचे एवढे तारे आहेत त्यांचा उजेड कुठे जातो? त्यानं उत्तर पुसलं, प्रश्न तसाच ठेवलाय, आज तिसरा दिवस.