बेलिफामार्फत जंगम जप्ती : दिवाणी न्यायालयाच्या बजावणी सेवेचा अनुभव
थकबाकीच्या वसुलीचा हुकूमनामा, म्हणजे न्यायालयाचा निकाल, माझ्या बाजूने होऊनही प्रतिवादीने पैसे भरले नाहीत, म्हणून मी तालुक्याच्या दिवाणी न्यायालयात दरखास्त (निकालाच्या अंमलबजावणीचा अर्ज) दाखल केली. जंगम जप्तीचे, म्हणजे हलवता येणाऱ्या वस्तू जप्त करण्याचे, वॉरंट नाझरांमार्फत (बजावणीचे काम वाटून देणारे न्यायालयीन अधिकारी) बेलिफांकडे, म्हणजे आदेश प्रत्यक्ष बजावणाऱ्या न्यायालयीन कर्मचाऱ्यांकडे, गेले. त्यांच्या कामाविषयी माझे मत अतिशय चांगले झाले आहे.

बेलिफसाहेब सकाळीच आले, कारण जप्तीसाठी राहत्या घरात सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयापूर्वी शिरता येत नाही. दारातच त्यांनी वॉरंट वाचून दाखवले, रक्कम आताच भरता का असे विचारले आणि नकार आल्यावर दोन पंचांसह आत पाऊल टाकले. दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 च्या कलम 60 नुसार आवश्यक कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, तसेच धार्मिक रूढीप्रमाणे स्त्रीला अंगावरून उतरवता येत नाहीत असे दागिने जप्तीतून वगळलेले आहेत. घरातील बाईंचा हात मंगळसूत्राकडे गेलेला पाहून “ताई, त्याला कोणी हात लावणार नाही,” असे त्यांनी स्वतःहून सांगितले. मी शिलाई यंत्राकडे बोट दाखवले, तेव्हा ते कोण चालवते याची त्यांनी चौकशी केली आणि बाई कपडे शिवून पोट भरतात हे कळताच, कारागिराची अवजारे जप्त होत नाहीत, असे मला स्पष्ट बजावले. टीव्ही आणि फ्रिज यांची मात्र कंपनी, स्थिती आणि अंदाजे किंमत पंचनाम्यात नोंदवून सह्या घेतल्या. त्या वेळी मला थोडे वाईट वाटले खरे, पण कायद्याबाहेर जाऊन केलेली जप्ती हरकतीत अडकते आणि नुकसान शेवटी हुकूमनामाधारकाचेच होते.

उणीव एकच, पण त्रासदायक आहे: बजावणीचा दिवस आपणहून कळवला जात नाही, त्यासाठी नाझर विभागात वारंवार विचारावे लागते. एकाच बेलिफाकडे अनेक गावांची समन्स, नोटिसा आणि वॉरंट असतात, हे दिसत होते. तरीही दोन दिवस आधी साधा निरोप देण्याची सोय व्हायला हवी. समन्स बजावताना वेळ आणि ठिकाण टिपणारे एन-स्टेप हे मोबाइल अ‍ॅप बेलिफांसाठी आलेच आहे, तेव्हा पक्षकाराला संदेश पाठवणे अवघड नसावे.

दरखास्त करणाऱ्यांनी प्रोसेस फी (बजावणीचे शुल्क) आणि भत्ता न्यायालयातच भरून पावती घ्यावी, आणि माल हलवण्यासाठी टेम्पो व हमाल यांची तजवीज आधीच करून ठेवावी.