गाण्याचा व्हिडिओ: लिप-सिंक की कथा?

नागपुरात पहिलाच व्हिडिओ असेल तर लिप-सिंक घ्या, म्हणजे रेकॉर्ड केलेलं गाणं वाजवायचं आणि गायकाने त्यावर ओठ जुळवायचे. फुटाळा तलावाचा काठ, गायक, गाणं वाजवायला एक स्पीकर. मे महिन्यात ऊन चढायच्या आत, सकाळी सहा ते नऊ. गायकाला खरंच मोठ्याने गायला लावा. नुसते ओठ हलवले की गळा स्थिर राहतो, खोटेपणा लगेच दिसतो. स्लो-मोशनसाठी सेकंदाला ५० फ्रेमवर (चित्रांवर) शूट करताना गाणं दुप्पट वेगाने वाजवायचं. एडिटिंगमध्ये २५ फ्रेमच्या टाइमलाइनवर शॉट अर्ध्या वेगाने चालतो आणि ओठ मूळ गाण्याशी जुळतात. विसरलात, तर तो शॉट एडिटिंगमध्ये वाचत नाही.

कथेत ही कटकट नाही, पण लेखन लागतं. चार मिनिटांना दोन पात्रं, एक पेच पुरे. शहरातले महाल, बर्डी (सीताबर्डी) असे भाग घेऊन लोकेशन वाढवली की अर्धा दिवस सामान हलवण्यात जातो. दिग्दर्शकाची पारख मात्र कथेतच होते.