अलिसा वाल्डेझ की जाजा सँटियागो? घरची लीग की जपान?

फिलिपिन्समधल्या व्हॉलीबॉलवाल्या मुलींपुढे दोन रस्ते दिसतात, एक अलिसाचा आणि एक जाजाचा.

अलिसा वाल्डेझ बातांगासची, आउटसाइड हिटर, म्हणजे नेटच्या कडेवरून स्मॅश मारणारी. अतेनेओ युनिव्हर्सिटीकडून 2014 आणि 2015 ला युनिव्हर्सिटी लीगचं लागोपाठ टायटल, 2015 च्या सिंगापूर सी गेम्सला (आग्नेय आशियाई देशांची स्पर्धा) देशाचा झेंडा तिच्याच हातात. 2017 मध्ये थायलंड, तैवानला थोडं खेळून आली पण खरं करिअर मनिलातच, तिथल्या लीगमधल्या क्रीमलाइन टीमकडून. फायदा काय तर भरलेलं स्टेडियम, जाहिराती, घरचे लोक जवळ आणि 2022 ला गुडघा दुखावला तेव्हाही फॅन्स हलले नाहीत.

जाजा सँटियागो काविटेची, 6 फूट 5 इंच, मिडल ब्लॉकर, म्हणजे नेटच्या मधोमध ब्लॉक आणि अटॅक करणारी. 2018 ला जपानच्या आगेओ मेडिक्स क्लबमध्ये गेली, आशियाई खेळाडूंसाठीच्या जागेवर. आता बघा, मिडलचा क्विक अटॅक (बुटक्या, झटपट सेटवरचा स्मॅश) तेव्हाच चालतो जेव्हा पहिला पास नीट सेटरच्या, म्हणजे स्मॅशसाठी बॉल उचलून देणारीच्या, हातात पडतो, बॉल जरा जरी नेटपासून लांब गेला की सेटर विंगला, म्हणजे कडेच्या हिटरलाच देणार आणि मिडलवाली नुसतीच उडी मारून खाली येणार. जपानी टीम्सचं रिसीव्हिंग, म्हणजे हाच पहिला पास, एक नंबर, त्यामुळे तिची उंची तिथे पुरेपूर वापरली गेली. 2021 ला टीमसोबत जपानी लीगचा व्ही कप जिंकला. पण पुढे तिने जपानचं नागरिकत्व घेतलं, नाव साची मिनोवा झालं, आणि फिलिपिन्सच्या टीमला तशी मिडल परत मिळणं अवघडच.

माझं मत विचाराल तर मिडल ब्लॉकर असेल तर डोळे झाकून जपान. आउटसाइडवालीने आधी घरच्या लीगमध्ये नाव कमवावं.