सुपूर्दनाम्यावर माझी सही कुठे होती?

चौदा वर्षं नागपूरच्या कळमना बाजारात संत्र्याचा धंदा करतो. मला कोणी येडं समजू नये म्हणून आधीच सांगतो. पण माल उन्हात सडत असला की माणसाचं डोकं चालत नाही.

मार्चमध्ये रायपूरला मृग बहाराच्या संत्र्यांची 210 कॅरेट पाठवली. 20 किलोचं कॅरेट, 38 रुपये भाव, म्हणजे 1,59,600 चा माल. ड्रायव्हरने कॅरेटखाली गुटख्याची पोती दडवली होती. गुटखा राज्यात 2012 पासून बंद आहे, तेव्हा पोलिसांनी सोमवारी रात्री आयशर धरली ती मालासकट. पंचनाम्यात लिहिलं, ‘अंदाजे 200 कॅरेट’. दहा कॅरेट तिथेच गेली.

दुसऱ्या दिवशी कोर्टाबाहेरच्या टपरीवर एक जण भेटला. काळा कोट नाही, पण हातात फायली. मी अमुक वकिलांचा मुन्शी, म्हणे. “टेन्शन नोका घेऊ भाऊ, नाशवंत माल आहे, परवा सुपूर्दनामा हातात.” 5,000 त्याने फोनवर घेतले, नाव दिसलं कुठल्याशा मोबाईल दुकानाचं. कोर्टात भरायचे म्हणून 34,500 रोख. एकूण 39,500. रोख दिलेल्या पैशाची नाझरची, म्हणजे कोर्टात पैसे भरून घेणाऱ्याची, पावती मागा. मी मागितली नाही.

आणि ज्याची खरी लाज वाटते ते हे. सुपूर्दनामा म्हणजे मालकाने कोर्टाला लिहून द्यायचा कागद, की माल मी ताब्यात घेतो, कोर्ट सांगेल तसं करीन. तो मीच लिहून द्यायचा ना? त्याने माझी एकही सही घेतली नाही. ना वकालतनाम्यावर, ना अर्जावर, ना बंधपत्रावर. मी तिथे तीन कटिंग पीत बसलो आणि मला वाटलं, वा, किती सोपं काम!

गुरुवारी गोल शिक्क्याचा आदेश मिळाला. ठाण्यात नेला. चार तास बसवलं, मग हवालदार म्हणाला, हा नंबरच कुठे निघत नाही. खऱ्या केसला 16 अक्षरांचा सीएनआर, म्हणजे केसचा स्वतःचा नंबर, असतो, ई-कोर्ट्सच्या ॲपवर मिनिटात दिसतो. याच्यावर 14 होती. मी ती घरी येऊन मोजली.

तक्रार द्यायला गेलो तर म्हणे, पैसे कोर्टाजवळ दिले, तिथल्या ठाण्यात जा. तिथले म्हणे, गाडी जिथे धरली तिथे जा. नव्या कायद्याचं, म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं, कलम 173 सांगतं की हद्द कुठलीही असो, खबर घ्यावीच लागते. हे बोललो तर साहेब म्हणाले, “तुम्ही वकील आहात काय?” 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन केला; 5,000 ची नोंद झाली, रोख रकमेचं काही नाही. आणि हे ऐका: नाशवंत माल पोलीस स्वतः लिलावात काढू शकतात, पण मालक सापडत नसेल आणि किंमत 500 रुपयांच्या आत असेल तरच. 500 रुपयांत एक कॅरेटही येत नाही! बाकी सगळ्याला कोर्ट. सुप्रीम कोर्टाने 2002 मध्येच सांगितलंय की जप्त माल पंधरा दिवस ते फार तर महिनाभर ठेवा. महिनाभर, संत्री!

शेवटी खऱ्या वकिलाने शुक्रवारी त्याच कायद्याच्या कलम 497 खाली माल सोडवायचा अर्ज टाकला. अर्जात ‘नाशवंत’ शब्द पहिल्याच ओळीत घालायला सांगा. बुधवारी आदेश आला, नववा दिवस. ताडपत्री काढली तर आंबट वाफ तोंडावर आली. वरची फळं बरी दिसत होती, उचलली की अंगठा आत जायचा आणि बोटाला हिरवी भुकटी लागायची. 1,220 किलो रसवाल्याला 9 रुपयांनी गेली. 10,980.

तीही पोत्यांत भरून न्यावी लागली. अर्जात आम्ही नुसतं ‘संत्री’ लिहिलं होतं, कॅरेट मुद्देमालात वेगळी दाखवली होती. ती अजून ठाण्याच्या आवारात एकावर एक रचून पडली आहेत, आणि अडत्या रोज सकाळी विचारतो, भाऊ, कॅरेट कधी देता?